चार ओळींच्या पलीकडं : साध्या माणसाचं आयुष्य लिहून ठेवायची रीत

आमची आत्ती गेली तेव्हा पेपरात चार ओळी छापून आल्या. नाव, वय, शुक्रवार पेठ, मग ‘त्यांच्या पश्चात भाऊ, भावजय, भाचे, भाची असा परिवार आहे’ आणि शेवटी ‘रक्षाविसर्जन शनिवारी सकाळी नऊ वाजता, पंचगंगा स्मशानभूमी’. सकाळच्या चहाबरोबर हा रकाना वाचायची सवय कोल्हापुरात घराघरात आहे, मलाही आहे. त्या दिवशी मात्र त्या ओळी दोनदा वाचल्या. मागं कोण राहिलं ते सगळं त्यात होतं. गेलं कोण, त्याबद्दल एक शब्द नव्हता.

आत्ती बाविसाव्या वर्षी विधवा होऊन माहेरी आली. दोन म्हशी सांभाळल्या, दारोदार दुधाचा रतीब घातला, शेण्या म्हणजे गोवऱ्या थापल्या. मूल नव्हतं, म्हणजे ‘माझी आई अशी होती’ म्हणून सांगणारंही कुणी नाही. शाळा नाही, नोकरी नाही, फोटो मोजून पाच. अशी माणसं प्रत्येक गल्लीत असतात. गुऱ्हाळावरचा गुळव्या, बोर्डिंगच्या स्वयंपाकघरातली मावशी, शाळेचा शिपाई, मार्केट यार्डातला हमाल. मी वर्षभर आत्तीची माहिती गोळा केली आणि बावीस पानांचं एक छोटं पुस्तक करून ठेवलं. त्यात काय जमलं, कुठं चुकलं, ते इथं क्रमानं सांगते. तुमच्या घरात, गल्लीत असं कुणी असेल तर उपयोगी पडेल.

आठवण कशी ठेवायची हे या गावाला शिकवावं लागत नाही. ६ मे २०२२ ला सकाळी दहा वाजता राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीला शंभर सेकंद अख्खं कोल्हापूर जागच्या जागी उभं राहिलं. आत्ती त्या वेळी गंगावेशीत होती. किटली खाली ठेवून, डोक्यावर पदर घेऊन तीही उभी राहिली. महाराजांचे हुकूम, पत्रं, जाहीरनामे जपलेले आहेत. १९०२ सालचा पन्नास टक्के जागा राखून ठेवायचा हुकूम आजही वाचायला मिळतो. आत्तीचं तसं काही नाही. ती शिल्लक आहे ती सतरा घरांतल्या माणसांच्या डोक्यात, आणि त्यातली निम्मी माणसं सत्तरीपुढची आहेत. माझ्या यादीतल्या दोघीजणी मी त्यांच्यापर्यंत पोचायच्या आतच गेल्या. म्हणून हे काम ‘पुढच्या सुट्टीत बघू’ म्हणून ठेवायचं नाही.

बारावं होईपर्यंत काही बाहेर काढू देऊ नका

उत्तरकार्य उरकलं की आपल्याकडं घर आवरायला घेतात. अंथरूण, लुगडी, औषधं, जुने कागद एका दुपारीत जातात. करणाऱ्यांच्या मनात वाईट काही नसतं, त्यांना ती रिकामी खोली बघवत नसते. त्यांच्याशी वाद घालू नका. फक्त काहीही हलवायच्या आधी मोबाइलवर खोलीचे फोटो काढा. आधी चारी भिंती, मग कोपरे, फळ्या, मग कपाटाचं दार उघडून आतलं. वस्तू कोणती होती यापेक्षा ती कुठं ठेवली होती, हे नंतर कुणाला सांगता येत नाही. आत्तीच्या खोलीत हाताशी येणाऱ्या फळीवर म्हशीच्या औषधाच्या बाटल्या होत्या, आणि तिची स्वतःची बीपीची गोळी सगळ्यात वर, स्टूल घेतल्याशिवाय हात पोचणार नाही अशा जागी. हे मला फोटोत दिसलं. खोलीत शंभर वेळा गेले असेन, पण तेव्हा दिसलं नव्हतं.

मग एक ट्रंक मागून घ्या. “एवढं वर्षभर माझ्याकडं राहू दे, मग काय करायचं ते करू,” असं म्हटलं की सहसा कुणी नाही म्हणत नाही. मिसरीची डबी, कनवटीची किल्ली, चष्मा, बचत गटाचं पुस्तक, रेशनकार्ड, दवाखान्याच्या चिठ्ठ्या, लग्नपत्रिका, जे सापडेल ते त्यात टाका. निवड करत बसू नका. काय कामाचं आणि काय नाही, हे त्या वेळी कळत नाही.

मी तर सगळ्यात मोलाची गोष्ट रद्दीत टाकायला निघाले होते. सुतळीनं बांधलेली जुन्या कालनिर्णयांची गुंडाळी, अकरा वर्षांची. आत्तीला अक्षरं येत नव्हती, आकडे येत होते. रतिबाचा हिशेब ती कालनिर्णयाच्या चौकोनात ठेवायची आणि प्रत्येक घराला तिनं एक खूण दिली होती. मास्तरांच्या घराला चष्मा. शिंप्याच्या घराला कात्री. दारात तुळस असलेल्या घराला तीन पानं. माडीवर राहणाऱ्या भाडेकरूला शिडी. खुणेपुढं अर्ध्या लिटरला आडवी रेघ, लिटरला फुली, घेतलं नाही त्या दिवशी शून्य, आणि महिना संपला की कडेला पैशाचा आकडा. शिडीच्या घरापुढं एका वर्षी लागोपाठ दोन महिने रोज फुली आहे आणि कडेला आकडाच नाही. त्या भाडेकरूची नोकरी त्या काळात सुटली होती, हे मला पाच महिन्यांनी त्याच्या बायकोकडून कळलं. “आत्तींनी मागितलंच नाही,” ती म्हणाली. तिला ते आठवत होतं, आणि इकडं कागदावर त्याची साक्ष होती.

म्हणून ‘त्यांना लिहिता येत नव्हतं’ एवढ्यावर थांबू नका. ज्यांना अक्षर येत नाही तीही माणसं हिशेब ठेवतात. दाराच्या मागच्या खडूच्या रेघा, दोऱ्याच्या गाठी, डब्यात वेगवेगळ्या चिंध्यांत बांधलेले पैसे, सगळं बघा.

साक्षीदार शोधताना नातेवाइकांपासून सुरुवात करू नका

हे थोडं कठोर वाटेल, पण अनुभवानं सांगते. नातेवाइकांना माणसाचं नातं माहीत असतं, दिवस माहीत नसतो. आत्तीला सणावाराला भेटणाऱ्यांनी मला तिची पुरणपोळी सांगितली. रोज पहाटे साडेपाचला तिच्याकडून दूध घेणाऱ्यांनी आत्ती सांगितली.

मला सतरा घरांची यादी कालनिर्णयातून आयती मिळाली. तुमच्याकडं तसं काही नसेल तर एका कागदावर त्या माणसाचा दिवस काढा. उठल्यापासून झोपेपर्यंत पाय कुठं कुठं पडत होते? चहाची टपरी, गिरणी, देऊळ, मंडई, भिशी, भजनी मंडळ, तालमीचा कट्टा. मग त्याच वेळेला, त्याच वाटेनं, चालत जा. वेळ चुकवली तर माणसं भेटत नाहीत. गंगावेशीत पहाटे म्हशी उभ्या असतात, लोक समोर काढलेल्या धारेचा पेला घेऊन तिथंच दूध पितात. तिथली मंडळी दुपारी बारा वाजता कुठं सापडणार? मी तीन पहाटे नुसती जाऊन उभी राहिले. चौथ्या दिवशी एका काकांनी आपणहून विचारलं, “तू आत्तीची भाची न्हवं?”

आषाढातली त्र्यंबोलीची यात्रा हीसुद्धा चांगली वेळ. नदीचं नवं पाणी घेऊन गल्लीच्या गल्ली वाजतगाजत टेकडीकडं निघते, तेव्हा लग्न होऊन लांब गेलेल्या लेकीही आलेल्या असतात. बरोबर फोटो ठेवा, पण मोबाइलमधला नको, कागदावर काढलेला. कागदाचा फोटो हातात घेतला जातो, शेजारणीला दिला जातो, कुणी तरी “ह्या मागं उभी हाय ती कोण?” म्हणतं आणि नवं नाव मिळतं.

काय विचारायचं

माझ्या पहिल्या चार भेटी फुकट गेल्या. मी विचारायची, “आत्ती कशी होती हो?” उत्तर एकच, “लई मायाळू. देवमाणूस.” गेलेल्या माणसाबद्दल आपण चांगलंच बोलतो, आणि चांगलं बोलायचे आपले शब्द ठरलेले आहेत. त्या शब्दांत कुणीही बसतं.

मग स्वभाव विचारायचं सोडून हातापायाचं विचारायला लागले. “तुमच्या दारात आल्यावर हाक काय मारायची?” मास्तरांच्या घरातले काका हसले. “हाक न्हाई मारायची. किटलीचं झाकण दोनदा वाजवायची. तिसऱ्यांदा वाजलं की समजायचं, आत्ती चिडली.” त्या एका उत्तरात मला तिची सकाळ ऐकू आली.

हे प्रश्न माझ्या वहीत शेवटपर्यंत टिकले. पाऊस असला की ती काय करायची? पैसे कुठं ठेवायची? कुणाच्या घरी चहा घ्यायची आणि कुणाच्या घरी घेत नव्हती? चिडली की काय म्हणायची? तिनं तुम्हाला काही शिकवलं का? तिचं आणि तुमचं कधी वाजलं का? शेवटचं कधी बघितलं, तेव्हा तिच्या हातात काय होतं? शेवटच्या प्रश्नाला जवळजवळ प्रत्येकाकडं उत्तर असतं. माणूस ‘हातात काय होतं’ ते आठवायला लागला की बाकीचं आपोआप येतं.

त्या पिढीच्या बायकांना जात्यावरच्या ओव्या जरूर विचारा. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी महाराष्ट्राच्या गावांतून एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या आणि ती गाणाऱ्या बाईचं नाव प्रत्येकीपुढं नोंदवून ठेवलं. ओवीत बाई भावाबद्दल, सासरबद्दल ते बोलते जे ती एरवी बोलत नाही. आत्तीबरोबर दळण दळलेली एक आजी मला भेटली, तिला तीन ओव्या आठवल्या. गाताना ती मध्येच थांबली आणि म्हणाली, “हितं ती रडायची.” मी पुढं काही विचारलं नाही. काही ठिकाणी गप्प बसायचं असतं.

रेकॉर्डिंग मोबाइलवर चांगलं होतं. फोन विमान मोडवर टाका, म्हणजे मध्येच कॉल येऊन तुटणार नाही. टेबलावर घडी घातलेल्या टॉवेलवर ठेवा आणि शक्य असेल तर पंखा बंद करा; पंख्याचा आवाज आपल्याला जाणवत नाही, रेकॉर्डिंगमध्ये मात्र तोच मोठा ऐकू येतो. सुरुवातीला तारीख, जागा, बोलणाऱ्याचं नाव आणि “हे लिहून ठेवलं तर चालेल ना?” हा प्रश्न आवाजातच येऊ द्या. घरी आल्यावर त्याच दिवशी दुसरीकडं कॉपी करा.

आणि उतरवून घेताना भाषा सुधारू नका. आपल्याकडच्या बायका ‘मी आलो’, ‘मी जातो’ असंच बोलतात. मी लिहिताना ‘गेले’ लिहिते, पण आईपुढं उभी राहिले की ‘गेलो’च म्हणते. पहिल्या दोन मुलाखती मी शुद्ध करून उतरवल्या. वाचून बघितलं तर त्यात शुक्रवार पेठेतलं कुणीच बोलत नव्हतं. दोन्ही पुन्हा उतरवल्या.

साल कसं बसवायचं

“कुठल्या वर्षी?” असं विचारलं की लोक बावरतात. साल कुणाला आठवत नाही, आठवतो तो प्रसंग. म्हणून सगळ्यांना माहीत असलेले प्रसंग एका कागदावर लिहून बरोबर न्या. १९४९ ला संस्थान विलीन झालं. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेचा भूकंप. १९७२ चा दुष्काळ. ३१ ऑक्टोबर १९८४, इंदिरा गांधी गेल्या तो दिवस. मग २००५, २०१९, २०२१ चे महापूर. मध्ये घरातले प्रसंग घाला, कुणाचं लग्न, कुणाचं बारसं.

आत्ती माहेरी कधी आली याबद्दल घरात तीन मतं होती. मी विचारलं, भूकंपाच्या पहाटे ती कुठं होती? माझ्या चुलत आजीनं लगेच सांगितलं, “गोठ्यात. म्हशीनं दावं तोडलं हुतं, तिला धरून ही उभी.” म्हणजे १९६७ च्या डिसेंबरात ती इथं होती. तीन मतांतली दोन तिथंच गळाली.

दोन माणसं दोन वेगळ्या गोष्टी ठामपणे सांगत असतील तर निकाल लावायची घाई करू नका. दोन्ही लिहा, कुणी सांगितलं तेही लिहा.

कागद

मृत्यूची नोंद २१ दिवसांत करायची असते, ती बहुतेक घरं करतातच. त्या दाखल्यावरचं नाव, वय, पत्ता नीट वाचा. घाईत सांगितलेलं वय पुढं कायमचं होऊन बसतं. शाळेत गेलेलं माणूस असेल तर शाळेचं जनरल रजिस्टर बघा. नोकरी केलेलं असेल तर सर्व्हिस बुक. जुन्या मतदार याद्या. शहरातल्या घरासाठी सिटी सर्व्हेचं प्रॉपर्टी कार्ड, शेतीसाठी सातबारा आणि फेरफार, म्हणजे जमिनीची मालकी बदलल्याची नोंद.

बाईचा शोध घेताना अडचण नावाची येते. लग्नात आडनाव बदलतं, वडिलांच्या नावाच्या जागी नवऱ्याचं येतं, आणि जुन्या पिढीत पहिलं नावही बदललेलं असतं. एकच बाई तीन नावांनी तीन कागदांत असते. त्यावर फेरफार उपयोगी पडतो. वडील वारल्यावर जी वारस नोंद होते तिच्यात मुलींची नावं सासरच्या नावानिशी आलेली असतात. जुने कागद मोडीत असतील तर घाबरू नका, कोल्हापुरात मोडी वाचणारी माणसं आहेत. संस्थानकाळातलं काही शोधायचं असेल तर इथलं पुराभिलेखागार आहे.

फेरफार मागवताना मनाची तयारी ठेवा, एवढं सांगते. आमच्या करवीर तालुक्यातल्या गावच्या जमिनीचा फेरफार मी आत्तीचं माहेरचं नाव बघायला काढला. त्यात तिच्या नावापुढं हक्कसोडपत्राचा उल्लेख होता. नोंदणी झालेल्या दस्ताची नक्कल दुय्यम निबंधकांच्या कार्यालयातून मिळते, ती काढली. आजोबा गेल्यावर तिनं तिचा वाटा माझ्या वडिलांच्या नावे सोडला होता. शेवटी निळ्या शाईचा ठसा आणि बाजूला ‘निशाणी डाव्या हाताचा अंगठा’. कायद्यानं तिचा वाटा होता. आमच्या घरात ही गोष्ट चाळीस वर्षांत कुणी बोललं नव्हतं, आणि त्याच जमिनीवर माझं शिक्षण झालं.

हे लिहायचं की नाही यावर मी दोन महिने अडून होते. शेवटी वडिलांना कागद दाखवला. ते बराच वेळ तो ठसा बघत राहिले. मग म्हणाले, “लिही. तिनं दिलं हे लिही. मी घेतलं हेपण लिही.” जिवंत माणसाला लागणारी गोष्ट लिहायच्या आधी त्याला दाखवा, त्यानं नको म्हटलं तर थांबा. कुणाचं आजारपण, कर्ज, घरातली भांडणं हे तुमच्या लेखनाचं सामान नाही. पण आपल्या घरानं कुणाचं काय घेतलं, हे लपवून त्या माणसाची आठवण लिहिता येत नाही, असं मला वाटतं.

भांडी, शेण्या, फोटो

घरातली पितळी आणि स्टीलची भांडी उलटी करून बघा. आपल्याकडं भांड्यावर नाव घालायची रीत आहे, बारीक ठिपक्या-ठिपक्यांनी कोरलेलं. कुणी, कुणाला, कधी दिलं, सगळं त्यात असतं. आत्तीच्या एका तांब्यावर मला तिचं लग्नातलं नाव, सासरचं गाव आणि तारीख मिळाली. ते नाव घरात कुणाच्या लक्षात नव्हतं. कोरीव अक्षर झिजलेलं असेल तर समोरून फ्लॅश मारू नका. खोलीत अंधार करून टॉर्च बाजूनं, अगदी आडवा धरा. सावली पडते आणि पुसलेलं अक्षर उठून दिसतं.

तसाच आडवा उजेड टाकून मी एका शेणीचा फोटो काढला. आत्ती गेली तेव्हा मागच्या परड्यात तिनं रचून ठेवलेल्या शेण्या होत्या. आपल्या पंचगंगा स्मशानभूमीत महापालिका दहन मोफत करते, तिथं चितेला शेण्या लागतात, आणि होळीच्या सुमाराला पेठापेठांतून शेण्यांचं दान जातं. आत्ती दर वर्षी द्यायची. त्या वर्षी तिच्या नावानं आम्ही सगळ्या दिल्या. टेम्पोत भरताना एक माझ्या हातात राहिली. तिच्यावर चार बोटं आणि अंगठा, स्पष्ट. त्या दिवशी मी पहिल्यांदा लक्ष देऊन बघितलं की प्रत्येक शेणीवर ती थापणाऱ्या बाईचा हात असतो. आपल्या गावात माणूस जळतं ते कुठल्या तरी बाईच्या हाताच्या ठशांवर. ती शेणी जास्त दिवस टिकणार नव्हती, किडे लागतात. म्हणून बाजूला पट्टी ठेवून तिचा फोटो काढला.

जुने फोटो स्कॅन करताना ६०० डीपीआय ठेवा. लॅमिनेशन करू नका, नंतर ते निघत नाही. फोटोच्या मागं मऊ शिसपेन्सिलीनं नावं लिहा, बॉलपेननं नको, त्याचा दाब पुढून उमटतो. नदीकाठच्या पेठांत राहणाऱ्यांना हे सांगायलाच हवं : पंचगंगेच्या राजाराम बंधाऱ्यावर पाणी ३९ फुटांच्या इशारा पातळीला आलं की धान्याबरोबर ही ट्रंकही वर न्या, ४३ फुटांच्या धोका पातळीची वाट बघू नका. २०२१ च्या जुलैत आमच्या घरात पाणी आलं तेव्हा आत्तीच्या पाचातले दोन फोटो एकमेकांना चिकटले, आणि कुणी तरी वाळल्यावर ते ओढून सोडवले. तिच्या चेहऱ्याचा डावा गाल दुसऱ्या फोटोवर गेला. ओले चिकटलेले फोटो वाळू द्यायचे नसतात. स्वच्छ थंड पाण्यात भिजत ठेवायचे, आपोआप सुटायला लागले की हळूच वेगळे करायचे आणि चित्राची बाजू वर ठेवून सावलीत वाळवायचे.

लिहायला बसल्यावर

जन्मापासून सुरुवात करू नका. ‘त्यांचा जन्म एका गरीब कुटुंबात झाला’ हे वाक्य कुणाच्याही आयुष्याला चालतं. आपल्या भागात गावाबाहेर, करवीर तालुक्यातल्या बीड गावी तर मोठ्या संख्येनं, वीरगळ म्हणजे लढताना गेलेल्या वीरांचे कोरीव दगड उभे आहेत. बहुतेकांवर नाव नाही. पण खालच्या चौकटीत तो माणूस काय करताना गेला ते कोरलेलं असतं, मग वर अप्सरा त्याला नेताना, सगळ्यात वर शिवपिंडीची पूजा. ज्यानं कोरलं त्यानं आधी त्याचं काम कोरलं. मी तोच क्रम धरला. पहिल्या पानावर एक पहाट, किटली, झाकणाचे दोन ठोके. जन्म, लग्न, तारखा पाचव्या पानावर.

मग विशेषणं काढा. प्रेमळ, कष्टाळू, मनमिळाऊ, निःस्वार्थी, हे शब्द पेनानं खोडा आणि प्रत्येक खोडलेल्या शब्दाच्या जागी एक घडलेली गोष्ट आहे का बघा. माझं पहिलं वाक्य होतं, ‘आत्ती अत्यंत कष्टाळू आणि उदार स्वभावाची होती.’ ते गेलं. त्या जागी आलं, ‘त्या दोन महिन्यांत तिनं माडीवर साठ लिटर दूध पोचवलं आणि महिन्याच्या कडेला आकडा लिहिला नाही.’ गोष्ट सापडली नाही तर तो शब्द जाऊ द्या.

आणि देव करू नका. आत्ती एका शेजारणीशी नऊ वर्षं बोलत नव्हती, कारण म्हशीच्या पाण्याचं पिंप. मी ते लिहिलं, त्या शेजारणीच्या परवानगीनं. तिनंच सांगितलं की, नऊ वर्षांत रतीब एक दिवस चुकला नाही. झाकण वाजायचं, भांडं ठेवलं जायचं, तोंडातून शब्द नाही.

लांबी फार नको. हजार-दीड हजार शब्द पुष्कळ झाले. शेवटी कुणी काय सांगितलं त्यांची नावं त्यांना विचारून घाला, आणि तुम्ही कोण, कधी लिहिलं, तेही.

ठेवायचं कुठं

फक्त मोबाइलमध्ये नको, फोन दोन-तीन वर्षांत बदलतो. कागदावर छापा, वीस-पंचवीस प्रती, साधं बाइंडिंग. जितक्या घरांत जाईल तितकं सुरक्षित, कारण सगळी घरं एका पुरात बुडत नाहीत. एक प्रत शाळेला किंवा तालमीला, एक ग्रंथालयाला देऊन बघा. करवीर नगर वाचन मंदिर १८५० पासूनचं आहे, पेठांतली छोटी वाचनालयंही आहेत. रेकॉर्डिंग पेन ड्राइव्हवर, दोन वेगळ्या घरांत.

वाचून दाखवा

छापायच्या आधी ज्यांनी सांगितलं त्यांना एकत्र बसवून वाचून दाखवा. मी उलट केलं. आधी पंचवीस प्रती छापून आणल्या आणि मग वर्षश्राद्धाला, जेवणं झाल्यावर, परड्यात सतरंजी टाकून वाचायला बसले. पंधरा-सोळा माणसं होती. झाकणाच्या ठोक्यांवर मास्तरांच्या घरातले काका हसले, हक्कसोडाच्या पानावर वडील उठून नळाकडं गेले. सातव्या पानावर शेण्या थापायचं वर्णन होतं, तिथं ती नऊ वर्षं न बोललेली शेजारीण म्हणाली, “कुठल्या हातानं ते न्हाई लिव्हलंस.”

मी म्हटलं, “उजव्याच की.”

“न्हाई गं. आत्ती डावरी हुती. जेवायची तेवढी उजव्या हातानं, तिच्या बानं मारून सवय लावल्याली. शेण डाव्या हातानंच थापायची. मी भिंतीपलीकडनं रोज बघायचो.”

कुणाला माहीत नव्हतं. वडिलांनाही नाही. मी आत जाऊन शेणीचा फोटो काढून आणला. अंगठ्याचा ठसा उजव्या बाजूला होता. उजव्या हातानं थापलं तर अंगठा डावीकडं उमटतो; मी स्वतःचा हात फोटोवर ठेवून बघितला, तो बसेना. डावा ठेवला, बसला.

त्या रात्री पंचवीस प्रतींत, सातव्या पानावर, ‘थापायची’च्या आधी ‘डाव्या हातानं’ हे दोन शब्द पेनानं घातले.